एक रुपयाचं पाउच आणि त्याचं राहिलेलं बिल

२०२५ च्या एप्रिलमध्ये मुंबई महापालिकेनं घनकचऱ्याच्या नव्या उपविधींचा मसुदा लोकांपुढे ठेवला. पानं बरीच होती, पण डोळ्यांत खुपली ती एकच गोष्ट: कचरा उचलण्याचं शुल्क. ५० चौरस मीटरपर्यंतच्या घराला महिन्याला १०० रुपये, त्याहून मोठ्याला ५०० आणि ३०० चौरस मीटरच्या वर गेलात तर १,०००. त्याच आठवड्यात माझ्या मुलुंडच्या मावसभावाचा फोन आला. "अरे, रद्दी दिली की पैसे मिळतात हे माहीत होतं. कचरा दिला की पैसे द्यायचे, हे काय नवीन काढलंय?"

मी पुण्यात राहतो. इथे दारोदार येऊन कचरा नेणाऱ्या वेचकांना दर महिन्याला पैसे द्यायची सवय पंधरा वर्षांहून जुनी, त्यामुळे मला आधी हसू आलं. मग वाटलं, त्याचा प्रश्न हसण्यावारी नेण्यासारखा नाही. शंभर रुपये नेमके कशाचे? ते मालमत्ता करात आधीच धरलेले नसतात का? (मुंबईत ५०० चौरस फुटांपर्यंतच्या घरांना हा कर २०२२ पासून माफ आहे, हे तो सोयीनं विसरला होता. असो.) आणि ज्या कंपनीनं ते चकचकीत वेष्टन आपल्या घरात पाठवलं, ती या हिशेबात कुठेच कशी नाही?

## "फेकून दिलं", पण दिलं कुणाला?

मराठीत आपण नुसतं फेकत नाही, फेकून "देतो". टाकूनही "देतो". हे देणं ज्याच्या पदरात पडतं, तो माणूस सहसा आपल्या नजरेला पडत नाही. आमच्या सोसायटीत पडतो, कारण कचरा न्यायला येणाऱ्या मावशी सकाळी आठच्या सुमारास पार्किंगच्या कोपऱ्यातच सुका कचरा निवडायला बसतात.

एका रविवारी आमच्या घरची बादली त्यांनी माझ्यासमोरच उपडी केली. मी उगाच ओशाळलो. आपलं कपाट कुणी उघडावं तसं वाटतं ते. त्यांचे हात मात्र चालूच होते. पाण्याची बाटली आली की आधी झाकण फिरवून काढायचं, बाटली पायाखाली चेपायची, झाकण वेगळ्या पिशवीत, कारण झाकणाचं प्लास्टिक वेगळं आणि त्याचा भावही वेगळा. पुठ्ठ्याची घडी घालायची. दुधाची पिशवी झटकायची आणि वास घेऊन बघायची. पत्रा एका बाजूला, "जर्मन" म्हणजे ॲल्युमिनियम दुसऱ्या बाजूला. काचेची बाटली हळूच टेकवून ठेवायची. दहा मिनिटांत सहा ढीग झाले.

सातवा ढीग त्यांनी निवडला नाही, तो आपोआप झाला. वेफर्सची पाकिटं, बिस्किटांचे कागद (कागद म्हणायचे, असतं प्लास्टिकच), शाम्पूची पाउचं, गुटख्याच्या पुड्या, एका ऑनलाइन मागवलेल्या वस्तूची बुडबुड्यांची पिशवी. मी विचारलं, "हे?" त्या म्हणाल्या, "ह्याला कोण विचारतंय?"

कचऱ्याच्या धंद्याचं सगळं अर्थशास्त्र या उत्तरात आहे. ज्याला भाव आहे ते भंगार, ज्याला भाव नाही तो कचरा. पहिल्या सहा ढिगांना सरकार नसलं तरी चालतं. वेचक, भंगारवाला, मोठा भंगारवाला, कारखाना ही साखळी स्वतःच्या पोटासाठी ते ढीग उचलते, आणि ही साखळी नसती तर आपली शहरं केव्हाच बुडाली असती. प्रश्न फक्त सातव्या ढिगाचा आहे.

## रुपेरी पाकिटाला भाव का नाही?

शाम्पूचं पाउच किंवा वेफर्सचं पाकीट हातात घेऊन फाडून बघा. बाहेरून गुळगुळीत, आतून चांदीसारखं. ते एक प्लास्टिक नसतं. छपाई नीट बसावी म्हणून बाहेर एका जातीचं, कडा गरम करून चिकटाव्यात म्हणून आत दुसऱ्या जातीचं, आणि हवा-ओल आत शिरू नये म्हणून मध्ये ॲल्युमिनियमचा अगदी पातळ थर. कायद्याच्या भाषेत याला बहुस्तरीय प्लास्टिक म्हणतात. मी यापुढे रुपेरी पाकीट म्हणेन.

आता हे वितळवून नवं काही करायचं म्हटलं, तर आतला थर सव्वाशे अंशांच्या आसपास वितळतो आणि बाहेरचा अडीचशे अंशांच्या पुढे. एकाला जुळेल अशी आच ठेवावी तर दुसरा तसाच राहतो, दुसऱ्याला जुळेल अशी ठेवावी तर पहिला करपतो. पुरणपोळी भाजून झाल्यावर कुणी सांगावं की आता पुरण आणि कणीक वेगळी करून द्या, तशातला प्रकार. शास्त्राच्या दृष्टीनं ते अशक्य नाही, पण कुणाला परवडत नाही.

दुसरं कारण वजनाचं. भंगार किलोवर विकलं जातं. पाण्याची एक लिटरची रिकामी बाटली साधारण वीस-पंचवीस ग्रॅमची. म्हणजे चाळीस-पन्नास बाटल्यांत किलो भरतो. स्वयंपाकघरातल्या काट्यावर मी शाम्पूची रिकामी पाउचं ठेवून बघितली. दोन ठेवली तेव्हा कुठे काटा हलला. हजाराच्या आगेमागे पाउचं गोळा केली तर किलो होईल. हजार वेळा वाका, हजार वेळा उचला, आणि तो किलो घ्यायला कुणी तयार नाही. मावशींना मोडीचा हिशेब आपल्यापेक्षा चांगला कळतो.

## मग ते जातं कुठे?

पुण्यात "डेपो" म्हणतात, मुंबईत "डम्पिंग". शब्द वेगळे, वास एकच.

मुंबईचं देवनार डम्पिंग १९२७ पासून चालू आहे. शंभर वर्षांजवळ आलेल्या या जागेत नुसतं प्लास्टिक असतं तर ते मुकाट पडून राहिलं असतं. पण आपल्या शहरी कचऱ्याचा निम्म्याच्या आसपास भाग ओला असतो: भाजीची देठं, उरलेला भात, निर्माल्य. शाळेच्या डब्यात उसळ राहून गेली आणि तो डबा मे महिन्याची सुट्टी संपल्यावर उघडला, हा अनुभव ज्यांच्या घरी मुलं आहेत त्यांना सांगायला नको. झाकण उघडताना "फस्स" होतं. कचऱ्याच्या डोंगराच्या पोटात तेच होतं. हवा न मिळता ओला कचरा कुजतो आणि त्यातून मिथेन वायू सुटतो. हवामान तापवण्यात तो कार्बन डायऑक्साइडच्या पंचवीस पटींहून जास्त जोरकस, आणि शिवाय तो पेट घेतो. २०१६ च्या जानेवारीच्या शेवटी देवनारला लागलेली आग कित्येक दिवस धुमसत राहिली. धुराचा लोट उपग्रहाच्या छायाचित्रांत दिसला, आसपासच्या शाळा बंद ठेवाव्या लागल्या. कचऱ्यातून काळं पाणी झिरपतं ते वेगळंच. ते खाली जमिनीत जातं, आणि जमिनीत विहिरी असतात.

विहिरींचं पुणेकरांनी उरुळी देवाची आणि फुरसुंगीच्या लोकांना विचारावं. शहराचा कचरा नव्वदच्या दशकापासून या गावांच्या हद्दीत गेला. २०१७ च्या एप्रिलमध्ये डेपोला आग लागली तेव्हा गावकऱ्यांनी गाड्या अडवल्या त्या तीन आठवड्यांहून अधिक काळ. शहरात कंटेनर ओसंडले, वर्तमानपत्रांनी "कचराकोंडी" असा मथळा केला. कोंडी कुणाची म्हणायची हा प्रश्नच आहे. आमची तीन आठवड्यांची, त्यांची पंचवीस वर्षांची.

## बिल किती आलं?

इतके दिवस हा खर्च कागदावर कधी दिसला नव्हता. आता दिसायला लागलाय. देवनारचा डोंगर हटवण्यासाठी महापालिकेनं २०२५ मध्ये निविदा काढली: १८५ लाख टन जुना कचरा, सुमारे २,३६८ कोटी रुपये. काम असं की डोंगर यंत्रानं खणायचा, मोकळा करायचा, मोठमोठ्या चाळण्यांतून चाळायचा आणि माती, दगड, लोखंड, प्लास्टिक वेगळं करायचं. गहू निवडण्यासारखंच, फक्त सूप काही मजली उंच.

भागाकार करून बघा. टनाला १,२८० रुपये, म्हणजे किलोला सव्वा रुपयाहून थोडं जास्त. किलोत पाउचं हजार धरली, तर एका पाउचच्या वाट्याला पैशाचा आठवा भाग येतो. हे फक्त पुरलेलं उकरण्याचं. गोळा करणं, वाहून नेणं, इतकी वर्षं अडकलेली जमीन, आसपासच्या वस्त्यांतला खोकला, हे काही त्यात नाही.

माझ्या मते सगळी गोम इथेच आहे. हे सगळं धरून एका पाउचमागे पैसा-दोन पैसे म्हटले, तरी ही रक्कम इतकी किरकोळ आहे, की विकतानाच किमतीत धरली असती तर कुणाला कळलंही नसतं. धरली नाही. मग तीच रक्कम शंभर वर्षांनी एकदम हजारो कोटींचा आकडा होऊन येते, आणि तेव्हा ती वसूल कुणाकडून करायची? ज्यानं पाउच विकलं तो बाजारातून गेलेला असतो, ज्यानं वापरलं तो कदाचित जगातूनच.

लग्नाच्या हॉलचा हिशेब आठवा. पंगतीचा दर ठरवताना पानं उचलण्याचे, खरकटं काढण्याचे, भांडी घासण्याचे पैसे केटरर आधीच लावतो. वाढपी वाढून निघून गेले, पाहुणे हात धुऊन निघून गेले आणि खरकटं शेजारच्या घराच्या ओट्यावर ठेवलं, असं कुणी खपवून घेणार नाही. बाजारात मात्र आपण नेमकं हेच खपवून घेतलंय. कंपनीनं वाढलं, आपण जेवलो, खरकटं उरुळीच्या ओट्यावर. अर्थशास्त्रात याला बाह्यखर्च म्हणतात: व्यवहार दोघांचा, खर्च तिसऱ्याच्या माथी.

त्या तिसऱ्यांत करदाता आहे, डेपोशेजारचा गावकरी आहे आणि सगळ्यात आधी वेचक आहे, जो हा खर्च पैशांत नाही तर अंगावर भरतो: कापलेली बोटं, पाठीचं दुखणं, सॅनिटरी पॅड उघड्या हातानं वेगळे करणं. पुण्यात वेचकांनी डॉ. बाबा आढाव यांच्या पुढाकारानं १९९३ मध्ये कागद काच पत्रा कष्टकरी पंचायत काढली आणि २००८ पासून त्यांची "स्वच्छ" ही सहकारी संस्था दारोदार कचरा गोळा करते. मावशींच्या हातमोज्यांमागे, ओळखपत्रामागे आणि महिन्याच्या त्या पैशांमागे हा इतिहास आहे. ते पैसे कचऱ्याचे नाहीत, कामाचे आहेत, असं त्या सांगतात.

## "पण रिसायकल होतंच की सगळं!"

सगळं नाही, आणि जे होतं ते सारखं होत नाही. काच आणि ॲल्युमिनियम कितीही वेळा वितळवा, पुन्हा काच आणि ॲल्युमिनियमच होतं. भंगारातून ॲल्युमिनियम करायला खनिजातून करण्याच्या मानानं जेमतेम पाच टक्के ऊर्जा लागते, म्हणून तर "जर्मन"चा भाव नेहमी चढा. कागदाचा तंतू प्रत्येक फेरीत आखूड होत जातो आणि पाच-सात फेऱ्यांत संपतो.

प्लास्टिकचं बरंचसं पुनर्चक्रण म्हणजे फोडणीची पोळी. शिळी पोळी वाया जात नाही हे खरंच, खमंगही लागते, पण तिची पुन्हा पोळी लाटता येत नाही. पाण्याच्या बाटलीपासून बहुतेक वेळा धागा होतो, धाग्याचं स्वेटर किंवा उशीतला कापूस होतो, आणि ते जुनं झालं की त्याला कुणी वाली नसतो. बाटलीवरचा तीन बाणांचा त्रिकोण सांगतो प्लास्टिकची जात कुठली. पुढे त्याचं काय होईल याची हमी तो देत नाही. आपण ती हमी समजून निर्धास्त होतो, हे त्या चिन्हाचं यश म्हणायचं की अपयश, कोण जाणे.

## "जाळून वीज का करत नाहीत? परदेशात करतात."

करून बघितलंय. दिल्लीत तिमारपूरला १९८७ मध्ये डेन्मार्कच्या तंत्रज्ञानानं असा प्रकल्प उभा राहिला. तो जेमतेम एकवीस दिवस चालला. यंत्र वाईट नव्हतं, कचरा वेगळा होता. तिकडच्या कचऱ्यात कागद-पुठ्ठा-प्लास्टिक जास्त, आपल्याकडे ओलं आणि मातीच जास्त. ओल्या लाकडावर चूल पेटवून बघितलेल्या कुणालाही हे आधीच सांगता आलं असतं.

सुका, भाव नसलेला कचरा वेगळा आला तर तो जळतो, चांगलाच जळतो. आपली रुपेरी पाकिटं नशीब चांगलं असेल तर गठ्ठे बांधून सिमेंटच्या भट्टीत जातात, जिथे चौदाशे अंशांच्या वर तापमान असतं आणि कोळशाची थोडी बचत होते. पण भट्टी शहराच्या जवळ नसते. पाकिटं वेगळी करणं, गठ्ठे बांधणं, ट्रकनं शेकडो किलोमीटर नेणं, याचे पैसे पाकिटातून निघत नाहीत. फिरून प्रश्न तोच, ते द्यायचे कुणी.

## "आम्ही वेगळा करतो, गाडीत सगळं एकत्रच टाकतात"

ही तक्रार खोटी नाही. मीही पाहिलंय: दोन रंगांच्या बादल्या, गाडीचा हौदा एकच. आळस हे एक कारण असतंच, पण त्याच्या मागचं कारण करारात असतं. बऱ्याच ठिकाणी वाहतूक करणाऱ्या ठेकेदाराला पैसे टनावर मिळतात. टनावर पैसे मिळत असतील तर कचरा कमी व्हावा, कोरडा राहावा, वाटेतच वेचकांनी काढून घ्यावा असं त्याला का वाटावं? रिक्षावाल्याला मीटरवर पैसे मिळत असताना त्यालाच जवळच्या रस्त्यानं ने म्हणण्यासारखं आहे ते. मीटर बदलल्याशिवाय रस्ता बदलत नाही.

उलटंही घडू शकतं. सिंधुदुर्गातलं वेंगुर्ले बारा-तेरा हजार वस्तीचं गाव. रामदास कोकरे तिथे मुख्याधिकारी असताना नगरपरिषदेनं ओला-सुका एवढ्यावर न थांबता सुक्याचेही अनेक प्रकार वेगळे करायला सुरुवात केली. ओल्याचा गॅस आणि खत, विकण्यासारखं विकलं, पातळ प्लास्टिकचे तुकडे करून डांबरी रस्त्यात. डम्पिंगच्या जागेला पर्यटनस्थळ म्हणून लोक भेट द्यायला यायला लागले. लगेच कुणी म्हणेल, छोट्या गावात जमतं, मुंबईत रोज सहा-सात हजार टन निघतो. बरोबर आहे. पण मुंबईसुद्धा वॉर्डांची, चाळींची आणि सोसायट्यांचीच बनलेली आहे, आणि ओला कचरा जितका लांब न्याल तितका महाग पडतो हे गणित शहर मोठं झालं म्हणून बदलत नाही. उलट आणखी कडक होतं.

## "कंपन्यांना का धरत नाहीत?"

कागदावर धरलंय. २०१६ च्या प्लास्टिक कचरा नियमांत उत्पादकाची वाढीव जबाबदारी आली, म्हणजे वस्तू विकली म्हणून सुटका नाही, वेष्टनाचं पुढचंही बघायचं. २०२२ मध्ये त्याची सविस्तर पद्धत ठरली. कंपनी स्वतः प्रत्येक पाकीट शोधत फिरत नाही. तिनं बाजारात जितकं प्लास्टिक आणलं, त्या प्रमाणात कुठल्या तरी नोंदणीकृत प्रक्रिया कारखान्याकडून "इतकं प्लास्टिक मार्गी लावलं" अशी प्रमाणपत्रं विकत घ्यायची. कल्पना वाईट नाही. त्या प्रमाणपत्राच्या पैशांतून सातव्या ढिगाला भाव यावा, असा तिचा हेतू.

पण प्रमाणपत्र छापायला प्लास्टिक लागत नाही. २०२३ मध्ये केंद्रीय प्रदूषण नियंत्रण मंडळाच्या तपासणीत सहा लाखांहून जास्त बनावट प्रमाणपत्रं सापडली. ती काढणारे कारखाने गुजरात, कर्नाटकातले आणि आपल्या महाराष्ट्रातलेही. आमच्या पार्किंगमधल्या सातव्या ढिगापर्यंत या पैशांतलं काय पोचलं, हे मी मावशींना विचारलं नाही. उत्तर दिसत होतं.

## "पाउच बंद केलं तर गरिबानं काय करायचं?"

हा आक्षेप मला सगळ्यात वजनदार वाटतो. तामिळनाडूतल्या कडलूरचे चिन्नी कृष्णन यांनी शाम्पू पाउचमध्ये भरून विकायची वाट दाखवली. श्रीमंताला परवडतं ते मजुरालाही परवडावं, अशी त्यांची धारणा. त्यांचे चिरंजीव सी. के. रंगनाथन यांनी १९८३ मध्ये "चिक" आणला आणि पुढे देशातल्या मोठमोठ्या कंपन्यांना त्याच वाटेनं जावं लागलं. रोजंदारीवरच्या माणसाला एकदम मोठी बाटली घेता येत नाही. त्याला लागेल तेवढंच, लागेल तेव्हा हवं असतं. पाउचनं ती गरज ओळखली, हे मान्य करायला हवं.

पण थोडं थोडं विकणं हा पाउचचा शोध नव्हे. वाण्याकडे गोडेतेल सुटं मिळायचं. घरून बाटली न्यायची, पावशेर आणायचं. ते का थांबलं? नुसत्या जाहिरातींमुळे नाही. १९९८ मध्ये दिल्लीत भेसळीच्या मोहरी तेलामुळे लोक दगावले, सुट्या तेलावर बंधनं आली, आणि आता तर खाद्यतेल सुटं विकायलाच मनाई आहे. म्हणजे पाकिटानं आपल्याला काही तरी दिलंही: भेसळ नाही याचा भरवसा. पाकिटाला सरसकट शिव्या घालणाऱ्यांनी हे विसरू नये. तेच पाकीट एका जातीच्या प्लास्टिकचं करता येतं का, शाम्पू-साबण अशा न खाण्याच्या वस्तू तरी सुट्या मिळतील का, हे प्रश्न त्यानंतरचे.

आणि गरिबाचं नाव पुढे करताना आपल्या घरचा ढीगही बघून घ्यावा. माझ्या बादलीत शाम्पूची पाउचं पाच निघाली. ऑनलाइन मागवलेल्या सामानाची वेष्टनं मोजायचं मी सोडून दिलं. मोबाइलच्या एका केबलसाठी खोकं, खोक्यात पिशवी, पिशवीत पुन्हा खोकं.

"पूर्वी वस्तू टिकायच्या" असं म्हणायचा मोह होतो. त्यात थोडं खरंही आहे. १९२४ च्या शेवटी युरोप-अमेरिकेतल्या दिवे बनवणाऱ्या बड्या कंपन्यांनी संगनमत करून दिव्याचं आयुष्य हजार तासांवर बांधून टाकलं होतं. जास्त टिकणारा दिवा काढला तर दंड. टिकू नये म्हणून मेहनत घेणं हे काही आजचं नाही. पण आपल्याकडच्या जुन्या काटकसरीचं मला फार कौतुकही करवत नाही. गोधडी शिवणारी, राखेनं भांडी घासणारी, बोहारणीशी तासभर घासाघीस करून दोन साड्यांत एक पातेलं मिळवणारी बाईच असायची. त्या काटकसरीचं श्रम-बिल तिच्या नावावर फाटायचं. आता ते मावशींच्या नावावर फाटतं. बाईच, फक्त घर बदललं.

## बाटली परत करा, पैसे परत घ्या

एक जुनी पद्धत मात्र अजून धडधाकट आहे: अनामत. आरेच्या दुधाच्या काचेच्या बाटल्या, थंड पेयाच्या बाटल्या, रिकामी दिली तरच भरलेली मिळायची. जर्मनीत २००३ पासून पाण्याच्या प्लास्टिक बाटलीवरसुद्धा २५ सेंटची अनामत आहे. इतकं लांब नको असेल तर निलगिरीला जा. तिथे मद्रास उच्च न्यायालयाच्या आदेशानंतर २०२२ पासून सरकारी दारूच्या दुकानात बाटलीमागे दहा रुपये जादा घेतात आणि रिकामी बाटली आणली की परत देतात. जंगलात, हत्तींच्या वाटेवर फुटणाऱ्या बाटल्या बहुतांश परत यायला लागल्या. पिणाऱ्यांचं मनपरिवर्तन झालं नव्हतं. बाटलीला भाव आला होता. पिणाऱ्यानं फेकली तरी दुसरा उचलतो.

महाराष्ट्रानंही हे करायचं ठरवलं होतं. २०१८ च्या मार्चमधल्या प्लास्टिकबंदीच्या अधिसूचनेत दुधाच्या पिशवीसाठी निदान पन्नास पैसे परत द्यायची तरतूद होती. दुधाची पिशवी निवडली तेही शहाणपणाचं: एकाच जातीचं प्लास्टिक, रोज घरात येणारं, आणि दूधवाला रोज दारात. मावशींचं तर पिशवीवर इतकं बारीक लक्ष असतं की कोपरा पूर्ण कापू नका, नुसती चीर द्या, असं त्यांनी सोसायटीत सगळ्यांना सांगून ठेवलंय. कापलेला तो तिकोनी तुकडा बोटात धरवत नाही, झाडूत येत नाही, आणि थेट गटारात जातो.

मी पाच रिकाम्या पिशव्या धुऊन, वाळवून, कोपऱ्यासकट आमच्या नाक्यावरच्या दूधवाल्याकडे घेऊन गेलो. अधिसूचनेबद्दल सांगितलं. त्यानं शांतपणे ऐकून घेतलं, पिशव्या उलटसुलट करून बघितल्या आणि गल्ल्याचा खण माझ्याकडे फिरवला.

"काका, अडीच रुपये झाले. पन्नास पैशाचं नाणं शेवटचं कधी बघितलंत?"